घोडा बी फोर

जयवंत त्या टेबलापाशी थांबला, तेव्हा माझ्या शेजारी बसलेल्या, कार्यक्रमाच्या संयोजकांच्या पत्नी कोष्टीबाई मला इचलकरंजीची सुती नऊवारी कशी ओळखावी ते समजावून सांगत होत्या. मी मान हलवत होते, पण लक्ष सगळं जयवंतकडे होतं. मंगल कार्यालयाच्या दालनात घोड्याच्या नालासारखी टेबलं लावली होती. बाहेरच्या अंगाला तीसेक माणसं आपापला पट मांडून बसली होती आणि आतल्या रिकाम्या जागेत जयवंत एकटा फिरत होता. एका पटापाशी जायचं, चाल करायची, पुढं सरकायचं. एकाच वेळी सगळ्यांशी खेळायचं म्हणजे पाय आणि डोकं दोन्ही चालू ठेवावं लागतं. तो थांबत नसे. ते त्याचं वैशिष्ट्यच होतं.

इथं मात्र तो थांबला होता.

समोर पन्नाशीच्या अलीकडचा एक गृहस्थ बसला होता. अंगात इस्त्रीचा पांढरा शर्ट, डोळ्यांवर काळा चष्मा. नेहमीच्या पटाशिवाय त्याच्यापुढं आणखी एक छोटा लाकडी पट होता, भोकाभोकांचा, प्रत्येक भोकात एक सोंगटी खोचलेली. त्याची बोटं त्या सोंगट्यांवरून हलकेच फिरत होती. शेजारी हिरव्या साडीतली एक वयस्क बाई मांडीवर पिशवी घेऊन बसली होती.

"सातपुते साहेब, ओळखलं का?" तो हसत म्हणाला. "भूपाल मगदूम. सूतगिरणीतला टेलिफोन ऑपरेटर. आपण खेळलोय की, ह्याच गावात."

"हो," जयवंत म्हणाला. "ओळखलं."

"तुमचं सगळं ऐकत असतोय मी रेडिओवर. कलकत्त्याला त्या रशियन ग्रँडमास्टरला तुम्ही हरवलं, तवा मी गिरणीत पेढे वाटले. म्हटलं, ह्या माणसाबरोबर आपण खेळलोय. मग, करा सुरुवात. पहिली चाल?"

अंध खेळाडूशी खेळताना चाल तोंडानं सांगायची असते. त्यानं ती मोठ्यानं पुन्हा म्हणायची आणि मग आपल्या पटावर करायची. ऐकण्यात काही गफलत झाली तर ती तिथल्या तिथं कळते. हे मला माहीत होतं. लग्नानंतरच्या सात-आठ वर्षांत बुद्धिबळातलं इतपत मी शिकले होते.

जयवंत काहीतरी पुटपुटला.

"परत सांगा?" मगदूम पुढं झुकले.

"प्यादं, ई फोर."

"प्यादं ई फोर," मगदूमांनी खणखणीत आवाजात म्हटलं आणि सोंगटी चाचपून पुढच्या भोकात खोचली.

जयवंत पुढच्या पटाकडं गेला खरा, पण तिथून त्याचा सगळा तोलच गेला. राज्य सरकारचा पुरस्कार जाहीर झाला म्हणून त्याच्या जन्मगावानं मांडलेला हा सत्काराचा कार्यक्रम होता. देशासाठी ऑलिम्पियाड खेळलेला, इंटरनॅशनल मास्टर झालेला माणूस. गावातली शाळकरी पोरं आणि हौशी वकील-डॉक्टर त्याला सहज आवरता आले असते. पण अर्ध्या तासात त्यानं एका मुलीला हत्ती फुकट दिला. दोन वेण्या घातलेली ती मुलगी आधी भांबावली, मग तिनं तो हत्ती मारला आणि थोड्याच वेळात जयवंतनं हार मानली. दालनात टाळ्यांचा कडकडाट झाला. संयोजक कोष्टीसर मागं वळून मला म्हणाले, "बघा, किती मोठं मन! पोरीला मुद्दाम जिंकू दिलं."

मी हसले. मुद्दाम काही नव्हतं, हे मला दिसत होतं. त्याच्या पाठीवर शर्ट घामानं चिकटला होता आणि मगदूमांचं टेबल जवळ आलं की त्याची पावलं जड होत होती.

चहाची सुट्टी झाली तेव्हा मी त्याच्या मागोमाग आतल्या खोलीत गेले. दारावर 'वधूपक्ष' अशी पाटी होती. जयवंत खिडकीशी उभा होता. बाहेर यंत्रमागांचा खडखडाट चालू होता. त्या गावात तो आवाज बंद झाला तरच लोक चमकून वर बघतात.

"बरं वाटत नाही का?" मी विचारलं. "सगळ्या डावांत बरोबरी देऊन टाक आणि थांबव. मी सांगते सरांना."

"बरं आहे मला."

"मग? तो हत्ती काय, तो उंट काय... कोण आहेत रे ते मगदूम?"

तो खिडकीबाहेरच बघत राहिला. मग म्हणाला, "निवड स्पर्धेच्या शेवटच्या फेरीत मी ज्याच्याशी खेळलो होतो, तो."

मला एकदम उलगडा झाला. "म्हणजे ते मागाच्या आवाजाचे? ज्यांना ऐकू नीट आलं नव्हतं ते?"

"हो."

"अरे, मग मला आधी सांगायचंस ना! मला भेटायचंय त्यांना."

तो डाव मला तोंडपाठ होता. आमची ओळख नवी असताना जयवंतनं तो मला सांगितला होता, आणि पुढं मुंबईतल्या आमच्या घरी कुणी जेवायला आलं की तो मी सांगायची. जिंकेल तो राष्ट्रीय अजिंक्यपदाला जाणार, असा तो डाव. जयवंत काळ्या सोंगट्यांनी खेळत होता, समोर अंध खेळाडू, आणि डाव त्या अंध खेळाडूच्या बाजूनं झुकलेला. जयवंतनं चाल केली, घोडा डी फोर. पण खिडकीबाहेर माग धडधडत होते आणि त्या बिचाऱ्यानं ऐकलं बी फोर. घोडा भलत्याच घरात आहे असं समजून त्यानं वजीर पुढं आणला, आणि जयवंतच्या घोड्यानं एकाच उडीत राजाला शह देऊन वजीर मारायला घेतला. मग वाद झाला, पंच आले, दोन्ही पट ताडून पाहिले. दोन घरांची नावं सारखीच ऐकू येतात, त्यात तो आवाज, असं म्हणून पंचांनी जयवंतच्या पटाप्रमाणं डाव पुढं चालू केला. त्या एका विजयावर जयवंत राष्ट्रीय स्पर्धेला गेला, तिथं चमकला, तेल कंपनीत खेळाडू म्हणून नोकरी लागली, आणि पुढचं सगळं. ही गोष्ट सांगताना शेवटी मी म्हणायची, "एक अक्षर! एका अक्षरावर माणसाचं नशीब फिरतं." पाहुणे हळहळायचे आणि भाजी वाढून घ्यायचे.

"मी भेटून येते," मी म्हटलं.

"नको, मेधा."

"का? त्यांना बरं वाटेल."

तो पुढं काही म्हणायच्या आत मी बाहेर पडले होते.

मगदूम आणि ती बाई बशीतून चहा पीत होते. मी ओळख करून दिली. "वहिनी? बसा, बसा की," म्हणत मगदूमांनी हातानं चाचपून शेजारची खुर्ची माझ्याकडं सरकवली. "ही माझी थोरली बहीण. सुनंदाअक्का. हिनंच आणलं बघा मला. मी यायला तयार नव्हतो."

"पंधरा वर्सं पटाला हात लावला न्हाई ह्यानं," अक्का म्हणाल्या. "माळ्यावर टाकला होता. काल काढून पुसला."

"का हो? तुम्ही तर इतकं चांगलं खेळायचात. तुमचा तो डाव मी कितीजणांना सांगितलाय माहितीये? मागाच्या आवाजाचा."

आज ते वाक्य आठवलं की लाज वाटते. तेव्हा मात्र मला वाटलं, मी त्यांचं कौतुकच करतेय.

मगदूम हसले. "सांगितलाय व्हय? मग मी तुमच्याकडं मुंबईत पण प्रसिद्ध म्हणायचा." मग बशी खाली ठेवत म्हणाले, "वहिनी, त्याचं असं झालं. आमचं सगळं कानावर चालतं. कुणाचं पाऊल कुठलं, पाऊस किती लांब हाय, समोरचा हसतोय का रागावलाय, सगळं कान सांगतो. मी तर ऑपरेटर. अख्ख्या गिरणीचे नंबर डोक्यात. त्या दिवशी मला पक्कं बी फोर ऐकू आलं होतं. पक्कं. परत म्हटलं ते पण बी फोरच म्हटलं, असं मला वाटत होतं. पण पंचांनी साहेबांना विचारलं, तर ते म्हणाले, मी डी फोर म्हटलं आणि ह्यांनी पण डी फोरच म्हटलं. आता एवढा चांगला माणूस कशाला खोटं बोलंल? म्हणजे मी ऐकलं एक, बोललो एक, आणि मनात धरलं तिसरंच. मग भरवसा कशावर ठेवायचा?"

"अहो, होतं असं."

"तुमचं होतंय. तुम्ही डोळ्यानं बघून दुरुस्त करता."

अक्कांनी त्यांच्या शर्टाची बाही उगाचच सारखी केली. "तवापासनं फोनवर प्रत्येक नंबर दोनदा इचारायला लागला. लोक चिडायचे. गिरणीत ह्याचं नावच पाडलं, 'परत सांगा' म्हणून. हाकच मारायचे, ए परत सांगा, इकडं ये. घरात पण तेच. मी जेवायला बोलावलं तरी इचारतोय, मला बोलावलंस का?"

"अक्का, पुरे की."

मी मान वर केली तेव्हा जयवंत त्या खोलीच्या दारात उभा होता. तो आमच्याकडं बघत होता. किती वेळ उभा होता कोण जाणे.

डाव पुन्हा सुरू झाले. एकेक पट संपत गेला. जिंकला तरी जयवंत न हसता हात मिळवत होता आणि पुढं जात होता. हळूहळू टेबलं रिकामी झाली, हरलेली आणि गिरणीतून बघायला आलेली माणसं खुर्च्या उचलून मगदूमांच्या भोवती गोळा झाली. शेवटी तो एकच डाव उरला. मीही उठून अक्कांच्या मागं जाऊन उभी राहिले.

"बरोबरी करूया?" जयवंतनं विचारलं.

"एवढ्यात? न्हाई साहेब. खेळू की. अजून पुष्कळ हाय डावात."

जयवंतनं चाल सांगितली. मगदूमांनी ती पुन्हा म्हटली, सोंगटी खोचली, दोन्ही हातांची बोटं सगळ्या पटावर फिरवली आणि भुवया उंचावल्या. त्यांनी आपली चाल केली. जयवंतनं पुढची सांगितली. आता मगदूमांचे हात पटावरून उठले.

"साहेब, ही चाल तुमची न्हाई."

जयवंतनं सोंगटीवरचा हात काढून घेतला.

"आधीची पण नव्हती. मला जिंकून देऊ नका. त्या पोरीला दिलं ते ठीक हाय, ती लहान हाय. मी हरायला आलोय. तुमच्याकडनं नीट हरायला."

लोक हसले. कुणीतरी म्हणालं, "परत सांगा, आज भारी बोलतोय!" आणि पुन्हा हशा झाला.

बुद्धिबळातला असा खेळाडू तीस पटांवर खेळताना कधी बसत नाही. जयवंतनं एक खुर्ची ओढली आणि तो मगदूमांच्या समोर बसला. टेबलावर दोन्ही हात ठेवले. त्याचा आवाज इतका साधा होता की पहिल्यांदा मला अर्थच लागला नाही.

"मगदूम, त्या दिवशी मी बी फोरच म्हटलं होतं."

"कुठल्या दिवशी?"

"निवड स्पर्धेच्या. मी घोडा डी फोरवर ठेवला आणि तोंडानं म्हणालो बी फोर. जीभ घसरली. तुम्ही बरोबर ऐकलंत."

मगदूमांचं तोंड किंचित उघडं राहिलं. मग त्यांनी मान वळवली, जिथं बहीण बसली होती तिकडं.

"अक्का. ऐकलंस का? बी फोर म्हटलं होतं ह्यांनी."

"ऐकलं रे."

"मला बरोबर ऐकू आलं होतं." त्यांच्या चेहऱ्यावर जे उमटलं त्याला मी आनंदच म्हणेन. भाबडा, लख्ख आनंद. हरवलेली वस्तू घरातच सापडावी तसा. क्षणभर वाटलं, सगळं इथंच सुटलं. मग तो आनंद हळूहळू ओसरत गेला, कारण ते पुढचा विचार करत होते. चांगल्या खेळाडूसारखाच, एकेक चाल लावून.

"आणि मी परत म्हटलं, ते?"

"बी फोरच म्हटलंत. मोठ्यानं."

"म्हणजे तुम्हाला तवाच कळलं."

"कळलं. सांगणार होतो. खरंच सांगणार होतो, तोंड उघडलं होतं. पण तेवढ्यात तुम्ही वजीर पुढं आणलात, आणि... मला तो वजीर दिसला."

"आणि पंचांनी विचारलं तवा?"

"तेव्हा मी खोटं सांगितलं."

बाहेरचे माग तेवढे चालू होते. अक्का एकदम उठल्या, मांडीवरची पिशवी खाली पडली. "अरं, माणूस हाईस का कोण?" त्यांचा आवाज फाटला. "पंधरा वर्सं ह्यो स्वतःला बहिरा समजत बसला! डोळं न्हाईत ते न्हाईत, देवानं दिलेलं कान पण तू..."

"अक्का, बस." मगदूमांनी त्यांचा हात धरून त्यांना खाली बसवलं. मग ते पटाच्या कडेवरून अंगठा फिरवत राहिले. "मला वाटलं होतं तुम्ही चांगले हाय, म्हणून मी माझंच खोटं धरलं," ते म्हणाले. आवाज चढला नाही, हे जास्त वाईट होतं. "साहेब, हितं माईक हाय न्हवं?"

"आहे."

"ही माझ्या गिरणीची माणसं हाईत. हाक मारणारी. त्यांना सांगा. जसं मला सांगितलं तसं, शब्द न शब्द."

माझ्या तोंडून "जयवंत," एवढंच निघालं. त्याला थांबवायचं होतं का जा म्हणायचं होतं, मला आजही सांगता येणार नाही. व्यासपीठावर शाल, श्रीफळ आणि चांदीचं मानपत्र मांडून ठेवलं होतं. कोष्टीसरांना वाटलं तो आभार मानायला येतोय, म्हणून त्यांनी लगबगीनं माईक त्याच्या उंचीला आणून दिला.

त्यानं सांगितलं. आढेवेढे नाहीत, प्रस्तावना नाही. जीभ घसरली, कळलं, गप्प बसलो, पंचांना खोटं सांगितलं. मगदूमांचे कान चुकले नव्हते. त्यांच्या जागी मी राष्ट्रीय स्पर्धेला गेलो. पुढचं सगळं त्यातून आलं. हा सत्कार मी घेऊ शकत नाही.

कुणी शिव्या दिल्या नाहीत, कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. कोष्टीसर हातातल्या शालीची घडी पुन्हा पुन्हा घालत राहिले. वेण्यावाली मुलगी आईला काहीतरी विचारत होती आणि आई तिला गप्प करत होती. मगदूम मात्र मान वर करून, चेहरा माईकच्या दिशेनं वळवून, शेवटचा शब्द संपेपर्यंत ऐकत होते.

जयवंत परत त्यांच्यापाशी आला. "मगदूम..."

"माफी मागू नका," ते उठत म्हणाले. "मागितली तर द्यावी लागंल, आणि माझ्याकडं ती न्हाई. उगाच दोघांची पंचाईत." त्यांनी आपला भोकाभोकांचा पट मिटला, सोंगट्या खडखडत एका बाजूला गेल्या. पट काखेत घेऊन, अक्कांच्या खांद्यावर हात ठेवून ते निघाले. गिरणीतली माणसं वाट देण्यासाठी बाजूला झाली. त्यांपैकी एकजण पुढं येऊन म्हणाला, "भूपालराव, सोडतो की घरापत्तूर." त्यांनी हाक मारणाऱ्याकडं मान वळवली, जरा थांबले आणि म्हणाले, "चला."

परतीच्या वाटेवर गाडीत मी विचारलं, "मला का नाही सांगितलंस?"

"सांगायचं ठरवलं होतं. पण तू ती गोष्ट पहिल्यांदा लोकांना सांगितलीस, ते माझ्या समोर. छान सांगितलीस. मला वाटलं, असंच झालं असतं तर किती बरं झालं असतं. मग प्रत्येक वेळी तू सांगायचीस आणि मला वाटायचं, असंच झालं होतं."

खोटं त्याचं होतं, पण ते घरोघर नेऊन पोचवलं होतं मी, चवीनं, जेवणाच्या टेबलावर.

पुढं काय झालं ते थोडक्यात सांगते. वर्तमानपत्रांत बातमी आली. संघटनेनं कळवलं की इतक्या जुन्या डावाचा निकाल आता बदलता येत नाही. जयवंतनं राज्याचा पुरस्कार घ्यायला नकार दिला. काही जुने खेळाडू त्याच्याशी बोलेनासे झाले. त्याचं त्याला फारसं काही वाटलं नाही. त्याला सोसवत नव्हती ती दुसरी माणसं. फोन करून म्हणायची, "काय धैर्य दाखवलंत! कबूल करायला मोठं मन लागतं." तो अशा वेळी बोलता बोलता फोन ठेवून द्यायचा. पहिल्यांदा मला वाटलं लाईन तुटली. मग कळलं, त्याला ते ऐकवत नव्हतं.

मी माझ्यापरीनं एक केलं. ज्यांना ज्यांना मी ती मागाच्या आवाजाची गोष्ट सांगितली होती, त्यांना आठवून आठवून खरी गोष्ट सांगायला लागले. बहुतेकांना आधीची आठवतही नव्हती. "कोण, ते आंधळे? बरं बरं," म्हणायचे आणि मुलांच्या शाळेबद्दल बोलायला लागायचे.

जयवंतनं स्पर्धा सोडल्या. कुणाला सांगितलं नाही, नुसतं जाणं बंद केलं. कंपनीनं त्याला खेळाडूंच्या यादीतून काढून साध्या कामावर घेतलं आणि तो निमूटपणे सकाळी डबा घेऊन जाऊ लागला.

दोनेक वर्षांनी पुण्यात अंधांची राज्य स्पर्धा असल्याचं मी पेपरात वाचलं. माझं माहेर पुण्याचं. आईला भेटायला जाते असं सांगून मी गेले. एका शाळेच्या दालनात लांबच लांब टेबलं लावली होती. मागं पालक, मित्र, सोबतीला आलेली माणसं. भूपाल मगदूम चौथ्या पटावर होते. केस बरेच पांढरे झाले होते. समोरच्या तरुण मुलानं चाल सांगितली. मगदूमांनी ती एकदाच म्हटली, सोंगटी खोचली, आणि घड्याळ दाबलं. 'परत सांगा' नाही. मी दोन तास बसून राहिले. तेवढ्या वेळात त्यांनी एकदाही विचारलं नाही.

डाव ते हरले. तरुण मुलगा फार चांगला खेळला. मगदूम त्याच्याशी खूप वेळ बोलत बसले, हातवारे करून, मोठ्यानं हसत.

अक्कांनी मला ओळखलं होतं. त्या कपाळाला आठ्या घालूनच जवळ आल्या. "कशाला आलात?"

"बघायला. त्यांना सांगू नका, मी जाते."

"मी न्हाई सांगत. पण त्यो ओळखील. तुम्ही बोललात न्हवं." त्या जरा थांबल्या. "तुमचा माणूस खेळतो का अजून? ह्यो इचारत असतो कधी कधी. रेडिओवर नाव येत न्हाई म्हणतो."

"नाही. सोडलं त्यांनी."

तेवढ्यात मगदूम आमच्या दिशेनं आले. "वहिनी ना?" त्यांनी विचारलं.

"हो."

"काय म्हणालात तुम्ही आत्ता? सोडलं?"

"त्या दिवसापासून पटाला हात लावलेला नाही."

ते काळा चष्मा काढून रुमालानं पुसू लागले. त्यांना त्याचा काय उपयोग, असा वेडा विचार माझ्या मनात येऊन गेला. "त्यांच्यावरचा माझा राग गेलेला न्हाई," ते म्हणाले. "जाईल असं वाटत पण न्हाई. पण त्यांना सांगा, खेळा म्हणावं. एकानं सोडलं तेवढं पुरे झालं."

मुंबईला परतेपर्यंत मला वाटत होतं, मी काहीतरी मोलाचं घेऊन चालले आहे. दार उघडं होतं. जयवंत जमिनीवर वर्तमानपत्र पसरून मटार सोलत बसला होता. चप्पलसुद्धा न काढता मी त्याला सगळं सांगितलं. मी खोटं बोलून पुण्याला गेले हेही, आणि मगदूम काय म्हणाले तेही, एकही शब्द इकडचा तिकडं न करता.

त्यानं हातातली शेंग सोलून दाणे वाडग्यात टाकले.

"कसे खेळले?"

"हरले. पण मजेत होते."

"सुरुवात कुठली केली?"

"मला काय कळतंय त्यातलं."

"हं." त्यानं दुसरी शेंग घेतली. तो काही बोलणार नाही असं वाटून मी आत जायला वळले, तेव्हा तो म्हणाला, "मेधा, त्यांच्या सांगण्यावरून मी खेळायला लागलो, तर तेही त्यांच्याचकडून घेतल्यासारखं होईल."

मी पर्स खाली ठेवली, त्याच्या समोर बसले आणि शेंगांचा एक ढीग माझ्याकडं ओढून घेतला. त्या शेंगा कोवळ्या होत्या, सोलायला वेळ लागत होता. आम्ही दोघं अंधार पडायच्या आत त्या संपवल्या.